खोल समुद्रातले शार्क ओळखताना या चुका टाळा

२०२२ साली एका शोधपत्रिकेत बातमी झळकली की भूमध्य समुद्रात पहिल्यांदाच गॉब्लिन शार्क सापडला. पुरावा काय, तर ग्रीसच्या अनाफी बेटाच्या किनाऱ्यावर कुणीतरी काढलेला एक फोटो. बाकीच्या अभ्यासकांनी तो पाहिला आणि कुजबुज सुरू झाली. कल्ल्यांच्या फटी बरोबर नाहीत, पंख फारच जाड आणि गोलसर आहेत, अंगही कसं ताठ. लांबी आधी ८० सेंटीमीटर सांगितली होती. शंका निघाल्यावर फेरअंदाज केला तर ती १७ ते २० सेंटीमीटरवर आली. हुबेहूब तसंच दिसणारं प्लास्टिकचं खेळणं बाजारात मिळत होतं! २०२३ मध्ये लेखकांनी शोधनिबंध मागे घेतला.

तज्ज्ञांच्या नजरेखालून गेलेल्या मजकुराची ही गत. मग आपल्या ग्रुपवर येणारे फोटो किती सावधपणे बघायला हवेत?

मेलेला मासा बघून जिवंत माशाचं वर्णन करणे

सगळ्यात जास्त गोंधळ इथेच होतो. गॉब्लिन शार्क म्हटला की डोळ्यांसमोर येतो तो जबडा बाहेर लोंबणारा, दात विचकलेला प्राणी. तो फोटो बहुतेक वेळा जाळ्यात मेलेल्या किंवा संग्रहालयात जतन केलेल्या शार्कचा असतो. जिवंतपणी पोहताना जबडा आत बसलेला असतो आणि लांब चपटं नाक सोडलं तर चेहरा तितका भेसूर नसतो. भक्ष्य टप्प्यात आलं की तो जबडा झटक्यात पुढे फेकतो. जपानच्या समुद्रात २००८ आणि २०११ मध्ये टिपलेल्या चित्रीकरणाचा अभ्यास करून संशोधकांनी हा वेग मोजला, तो सेकंदाला तीन मीटरहून थोडा जास्त निघाला. जबडा पुढे जातो तो शरीराच्या लांबीच्या साधारण नऊ टक्के.

रंगाचंही तेच. त्याचा गुलाबी रंग हा कातडीचा रंग नव्हे. अर्धपारदर्शक कातडीखालच्या रक्तवाहिन्या दिसतात म्हणून तो गुलाबी भासतो, आणि मेल्यावर करडा-तपकिरी पडत जातो. त्यामुळे ‘हा गुलाबी नाही, म्हणजे गॉब्लिन नाही’ हा निष्कर्षही चुकीचा.

फ्रिल्ड शार्कचा तो गाजलेला व्हिडिओ आठवा. जानेवारी २००७, जपानमधलं आवाशिमा. सापासारखा वळवळत, तोंड उघडं ठेवून पृष्ठभागाजवळ पोहणारा शार्क. ‘पाताळातला राक्षस शिकारीला वर आला’ अशा मथळ्याखाली तो अजून फिरतो. प्रत्यक्षात तो आजारी असावा. पकडल्यावर काही तासांतच तो मेला. त्याच्या त्या पोहण्यावरून निरोगी फ्रिल्ड शार्क कसा पोहतो हे सांगणं म्हणजे आयसीयूतला माणूस पाहून माणसं कशी चालतात ते लिहिणं.

आकड्याचं शेपूट कापणे

‘५१२ वर्षांचा शार्क सापडला’ ही पोस्ट वर्षातून एकदा तरी येतेच. मूळ अभ्यास २०१६ चा, ग्रीनलँड शार्कवरचा. या माशाच्या मणक्यात वय मोजता येईल अशी वलयं नसतात, म्हणून डोळ्याच्या भिंगाच्या गाभ्यातला रेडिओकार्बन (वय काढायला उपयोगी पडणारा किरणोत्सारी कार्बन) तपासला. हा गाभा जन्माआधीच तयार होतो आणि पुढे बदलत नाही. तपासलेल्या २८ माद्यांपैकी सगळ्यात मोठी ५.०२ मीटरची होती. तिचं वय निघालं ३९२ वर्षं, अधिक-उणे १२०. म्हणजे २७२ ते ५१२ च्या मधलं काहीतरी. लोकांनी वरचं टोक उचललं, बाकी टाकून दिलं. २७२ धरलं तरी पानिपतची तिसरी लढाई झाली तेव्हा ती पोहत होती, मग अतिशयोक्तीची गरजच काय?

‘जिवंत जीवाश्म’ या बिरुदाचंही असंच. गॉब्लिनचं कूळ सुमारे साडेबारा कोटी वर्षांचं आहे, आज पोहणारी जात तितकी जुनी नाही.

काही किरकोळ, पण वारंवार दिसणाऱ्या चुका

मेगालोडॉन हा प्राचीन महाकाय शार्क पॅसिफिक महासागरातल्या मारियाना गर्तेत लपलाय, ही एक. तो सुमारे ३६ लाख वर्षांपूर्वी संपला. शिवाय तीन हजार मीटरखाली शार्क जवळपास आढळतच नाहीत, आणि ती गर्ता जवळपास अकरा हजार मीटर खोल. मेगामाउथ (‘महातोंड्या’) या शार्कचं नाव ऐकून त्याला नरभक्षक ठरवू नका. १९७६ मध्ये हवाईजवळ अमेरिकी नौदलाच्या जहाजाच्या समुद्री नांगरात अडकलेला पहिला मेगामाउथ ४.४६ मीटरचा होता, पण ही जात पाणी गाळून बारीक जीव खाते. उलट कुकीकटर शार्क जेमतेम अर्धा मीटर लांब आणि देवमाशालाही चावतो. कलिंगड लाल आहे का हे दाखवायला विक्रेता तुकडा कोरून काढतो, तशी त्याची खोक असते. पाणबुड्यांचे रबरी भागही त्याने कुरतडलेत, हे मात्र खरं.

‘क्वचित दिसतो’ म्हणजे ‘नामशेष व्हायला आला’ असंही नाही. गॉब्लिन आपल्याला दिसत नाही कारण आपण तिथे जात नाही. खरी काळजी गल्पर या खोल पाण्यातल्या शार्कची करावी. यकृतातल्या तेलासाठी त्यांची मासेमारी होते, केरळच्या बंदरांवरही ते उतरतात, आणि त्यांची वीण अगदी संथ.

बंदरावर अनोळखी शार्क दिसला तर

मुंबईसमोर समुद्रबूड जमीन (किनाऱ्यालगतचा उथळ समुद्रतळ) दोनशे किलोमीटरहून रुंद आहे. त्यामुळे आपल्या बाजारातली मोरी आणि मुशी बहुधा उथळ पाण्यातलीच. तरी लांबवर गेलेल्या बोटीतून काही वेगळं आलं, तर डोक्याचा क्लोज-अप काढून थांबू नका. मोजपट्टी शेजारी ठेवून संपूर्ण बाजूचा फोटो घ्या. कल्ल्यांच्या फटी मोजा. बहुतेक शार्कना प्रत्येक बाजूला पाच असतात, फ्रिल्डला सहा. एकच दिसली तर तो शार्क नसून त्याचा लांबचा नातलग कायमेरा असू शकतो. पोट उलटून गुदपंख (पोटाखाली, शेपटीच्या अलीकडचा पंख) आहे का पाहा, गल्परला तो नसतो. जाळं कुठलं आणि किती वावावर टाकलं होतं, हे तांडेलाला विचारून लिहून ठेवा. मग हे सगळं केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्थेकडे पाठवा. तिचं मुंबईतही केंद्र आहे.