शरीरनकाशाचं सत्र कसं घ्यावं

बाई असणं, अपंग असणं, कंत्राटी कामगार असणं या गोष्टी माणसाच्या वाट्याला सुट्या सुट्या येत नाहीत. कायद्याच्या अभ्यासक किंबर्ले क्रेनशॉ यांनी १९८९ मध्ये अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय स्त्रियांबद्दल हेच मांडलं: वंशभेदाचा कायदा पुरुषांकडे पाहून लावला जातो, लिंगभेदाचा गोऱ्या स्त्रियांकडे पाहून, आणि दोन्हींतून कृष्णवर्णीय स्त्रिया निसटतात. शरीरावर या गुंत्याचं काय होतं, ते शरीरनकाशात, म्हणजे स्वतःच्या शरीराची बाह्यरेषा कागदावर काढून तिच्यात अनुभव खुणांनी आणि रंगांनी दाखवलेल्या चित्रात, दिसू शकतं.

एका सत्रात सहा ते आठ जण पुरेत, सोबत सत्र घेणारे दोघं. एक जण प्रश्न विचारतो, दुसरा कुणाला त्रास होतोय का यावर लक्ष ठेवतो. माणशी दोन मीटर लांब आणि निदान एक मीटर रुंद ब्राऊन पेपर घ्या. अरुंद कागदाचे दोन तुकडे मागच्या बाजूने चिकटवा, पुढून चिकटपट्टी लावली तर तिच्यावर रंग बसत नाही. तेलखडू, जाड मार्कर आणि साडेतीन तास हाताशी असू द्या.

बाह्यरेषा काढताना सगळ्यांना जमिनीवर झोपायला लावू नका. गुडघे दुखणारे, गरोदर, व्हीलचेअर वापरणारे, कुणाचा हात अंगाजवळ नको असणारे असे लोक असणारच. भिंतीवर कागद लावून उभ्याने, खुर्चीत बसून किंवा नुसत्या अंदाजाने काढलेली आकृतीही चालते. व्हीलचेअर, काठी, चष्मा शरीराचाच भाग समजून रेषेत घ्यावा की नाही, ते ज्याचं त्याने ठरवावं.

खरी मेख प्रश्नात आहे. ‘बाई म्हणून तुम्हाला काय वाटतं?’ असं विचारलं की पाठ केलेली उत्तरं येतात. त्याऐवजी एक जागा आणि एक वेळ धरा: काल दुपारी कामावर, जेवणाच्या सुट्टीत. अंग कुठे आवळलं होतं? श्वास कसा होता? काय खायचं-प्यायचं टाळलं? उत्तर आधी खुणेने काढायला सांगा, शब्द नंतर.

समजा, व्हीलचेअरवरच्या एका कामगार बाईने ओटीपोटावर लाल गोळा काढला, ओठांवर भेगा, कपाळावर रेघा. बायकांचं स्वच्छतागृह वरच्या मजल्यावर आहे, लिफ्ट नाही, म्हणून ती सकाळपासून पाणीच पीत नाही. आता एकेक ओळख बदलून पाहायला सांगा. चालता येणारी बाई जिना चढून जाईल. व्हीलचेअरवरचा पुरुष तळमजल्यावरच्या पुरुषांच्या स्वच्छतागृहात जाईल. कायम नोकरीतली बाई कदाचित तक्रार तरी करेल. हिला काम जाण्याची भीती आहे. कुठलीही एक ओळख काढली की खूण पुसट होते, म्हणजे ती खूण कुठल्या एकाच ओळखीची नाही. पाणी कमी पिणं आणि लघवी रोखून धरणं यांमुळे मूत्रमार्गाचा संसर्ग होण्याचा धोका वाढतो, तेव्हा ही खूण नुसत्या भावनेची नाही हेही गटात बोला.

इथेच बहुतेक सत्रं घसरतात. ओळखींची बेरीज सुरू होते, कुणाचं दुःख जास्त याची तुलना होते, आणि ज्याची यादी लहान तो गप्प बसतो. असं होऊ लागलं की लगेच पुन्हा जागा आणि वेळ यांवर या. सत्र घेणाऱ्याने चित्राचा अर्थ सांगणं तर साफ चूक. काळा रंग एखाद्यासाठी आधाराचाही असतो. बळ कुठून मिळतं त्याची खूण मात्र प्रत्येकाला आवर्जून काढायला सांगा, नाहीतर कागदावर फक्त जखमाच उरतात.

कुणी रडू लागलं तर थांबा, पाणी द्या, पुढे जायचं की नाही ते त्याच व्यक्तीला ठरवू द्या. समुपदेशक कुठे भेटेल, ही माहिती सत्राआधीच काढून ठेवा.

नकाशावर नाव नको. फोटोची परवानगी चित्र पूर्ण झाल्यावर पुन्हा घ्या, कारण सुरुवातीला हो म्हणणाऱ्याला आपण काय काढणार याची कल्पना नसते. कागद ज्याचा त्याने घरी न्यावा. घरी नेणं धोक्याचं असेल तर त्याच्या देखत फाडून टाकावा.