इंग्लिश बचावपटूची कारकीर्द कशी अभ्यासावी: बेळगाव भागातील नव्या स्टॉपरसाठी

बेळगाव, खानापूर, निपाणी या पट्ट्याला फुटबॉल नवा नाही. एका अंगाला कोल्हापूरच्या तालमींचे संघ आणि दुसऱ्या अंगाला गोवा असल्यामुळे इथल्या मुलांच्या पायाशी चेंडू लवकर येतो. मात्र शनिवार-रविवारी रात्री जागून इंग्लंडमधील सामने पाहणारी मुले बहुधा गोल करणाऱ्यांचीच नावे घेतात, आणि स्टॉपरच्या, म्हणजे गोलसमोरच्या मधल्या बचावपटूच्या, जागी जो उभा राहतो तो उंची जास्त म्हणून किंवा दुसरे कोणी तयार नाही म्हणून. अशा खेळाडूने एका इंग्लिश बचावपटूची कारकीर्द सुरुवातीपासून वाचून काढावी. बचाव करणारा उशिरा पिकतो, हे त्यातून जितके स्पष्ट कळते तितके कोणाच्या उपदेशाने कळत नाही.

पहिला प्रश्न खेळाडू निवडण्याचा. १९६६ च्या विश्वविजेत्या इंग्लंड संघाचा कर्णधार बॉबी मूर किंवा लिव्हरपूल या एकाच क्लबसाठी ७३७ सामने खेळलेला जेमी कॅरेघर ही नावे मोठी आहेत, पण आरंभासाठी मी डॅन बर्न सुचवीन, कारण त्याची वाट सरळ नाही. वहीत पाच रकाने आखावेत: वय, क्लब, क्लबची श्रेणी, खेळलेले सामने आणि क्लब बदलण्याचे कारण. श्रेणीचा रकाना भरण्यासाठी इंग्लंडची उतरंड ठाऊक हवी. वर २० संघांची प्रीमियर लीग, तिच्याखाली चॅम्पियनशिप, लीग वन आणि लीग टू या प्रत्येकी २४ संघांच्या श्रेण्या आणि त्यांच्याखाली नॅशनल लीग अशी ती आहे, आणि दर हंगामाअखेर संघ वर चढतात किंवा खाली उतरतात.

बर्नचे रकाने भरू लागले की चित्र उलगडते. १९९२ मध्ये ब्लाइथ या गावी जन्मलेल्या या मुलाला, ज्या न्यूकॅसल युनायटेडचा तो लहानपणापासून चाहता होता, त्याच क्लबच्या अकादमीने वयाच्या अकराव्या वर्षी सोडून दिले. पुढे तो गावच्या ब्लाइथ स्पार्टन्सकडून खेळला, २००९ मध्ये डार्लिंग्टनमध्ये गेला आणि २०११ मध्ये फुलहॅमने त्याला घेतले. फुलहॅमने त्याला लोनवर, म्हणजे ठरावीक काळासाठी उसना, योविल टाउनकडे पाठवले. तिथे २०१३ च्या लीग वन प्ले-ऑफच्या, म्हणजे वरच्या श्रेणीत कोण जाणार हे ठरवणाऱ्या बाद फेरीच्या, अंतिम सामन्यात त्याने गोल केला आणि योविल चॅम्पियनशिपमध्ये पोचले. २०१६ मध्ये फुलहॅमने त्याला मोकळे केल्यावर तो विगनकडे गेला, तेथून ब्रायटनला आणि जानेवारी २०२२ मध्ये, एकोणतिसाव्या वर्षी, पुन्हा न्यूकॅसलला. मार्च २०२५ मध्ये लिव्हरपूलविरुद्धच्या लीग कप अंतिम सामन्यात त्याने हेडरने गोल केला. न्यूकॅसलने १९५५ नंतर प्रथमच देशांतर्गत मोठा करंडक जिंकला आणि त्याच आठवड्यात, बत्तिसाव्या वर्षी, बर्न इंग्लंडकडून पहिला सामना खेळला.

या वहीत लोनच्या ओळींवर सर्वांत जास्त वेळ द्यावा. लोनवर जाणे म्हणजे नापास होणे, असा समज आपल्याकडे सर्रास आढळतो आणि तो चुकीचा आहे. स्टॉपरची चूक थेट गोलमध्ये संपते, म्हणून मोठे क्लब अननुभवी मुलाला लगेच उभा करत नाहीत. खालच्या श्रेणीत, पोटासाठी खेळणाऱ्या धिप्पाड फॉरवर्डसमोर त्याचे सामने होऊ देतात. जॉन टेरीसुद्धा चेल्सीत स्थिरावण्यापूर्वी नॉटिंगहॅम फॉरेस्टकडे लोनवर खेळून आला होता.

यानंतर सामने पाहावेत, पण चेंडूवर नजर न ठेवता. पंधरा मिनिटे फक्त निवडलेल्या बचावपटूकडे पाहावे आणि चेंडू लांब असताना तो किती वेळा मान वळवून खांद्यामागे पाहतो, शेजारच्या बॅकपासून किती अंतर राखतो, हे टिपावे. बर्नच्या त्या हेडरच्या चित्रफितीत कॉर्नर घेतला जाण्यापूर्वीचे क्षण पाहावेत: गोलजवळच्या गर्दीपासून तो लांब थांबलेला दिसतो, आणि तीच मोकळी जागा त्याला उडी मारायला मिळते.

पाहिलेले मैदानावर उतरवताना आपल्या जमिनीचा विचार करावा. जून ते सप्टेंबर या काळात आपल्याकडील मैदानांवर लाल चिखल होतो, चेंडू टप्पा न घेता सरकतो आणि हिरवळीवर शोभणारे घसरते टॅकल इथे अर्धा क्षण उशिरा पोचून पेनल्टी देऊन बसते. म्हणून पावसाळ्यात उभ्याने बचाव करण्याचा सराव करावा. फॉरवर्ड अंगावर आला की छाती समोर करून थांबू नये. एक पाय पुढे, गुडघे सैल, अंग तिरके ठेवून त्याला साइडलाइनकडे वळवत मागे सरकावे आणि चेंडू त्याच्या पायापासून सुटला त्याच क्षणी पाय घालावा. घाई न करण्याची ही सवय लागायला एक अख्खा हंगाम जातो आणि तो द्यावाच.

पालकांसाठी एक गोष्ट आवर्जून सांगतो. इंग्लंडमध्ये क्लब नऊ वर्षांखालील गटापासून मुलांची नोंदणी करतात आणि सोळाव्या वर्षी निवडकांना शिष्यवृत्ती देतात. ती वाट तिथे वाढणाऱ्या मुलांसाठी आहे. फिफाच्या नियमांनुसार अठरा वर्षांखालील खेळाडूची परदेशी क्लबमध्ये बदली, ठरावीक अपवाद वगळता, होऊ शकत नाही, आणि त्यानंतरही ब्रिटनमध्ये खेळण्यासाठी परवान्याच्या कडक अटी असतात. तेव्हा पंधरा वर्षांच्या मुलाला इंग्लिश क्लबमध्ये घालतो असे सांगून कोणी रक्कम मागत असेल, तर ती देऊ नये. तोच पैसा गोव्यातील किंवा बंगळुरूमधील वयोगटाच्या निवड चाचणीचा प्रवास, चांगले स्टडचे बूट आणि दहावीची शिकवणी यांवर खर्च करावा, आणि चाचणीला जाताना जन्मदाखल्याची मूळ प्रत सोबत ठेवावी.