पाण्यावरचा रंग नखावर नीट उतरत नाही? मार्बल नेल आर्ट करताना या चुका टाळा

पाण्याने भरलेल्या वाटीत नेलपॉलिशचे थेंब सोडायचे, त्यांच्या वर्तुळांतून टूथपिकने नक्षी ओढायची आणि त्या तरंगत्या रंगात नख बुडवायचे, एवढीच मार्बल नेल आर्टची कृती आहे. ती दोन ओळींत सांगून होते. मात्र पहिल्याच प्रयत्नात वाटीच्या तळाशी रंगाच्या गोळ्या जमतात किंवा नखावर दुधावरच्या सायीसारखा सुरकुतलेला पापुद्रा चढतो. मग ‘आपल्या हाताला हे वळणच नाही’ असे म्हणून बाटल्या पुन्हा कपाटात जातात. माझ्या पाहण्यात दोष हाताचा क्वचितच निघाला आहे. तो पाण्यात, वाटीत, पंख्याच्या वाऱ्यात किंवा बाटलीच्या वयात सापडतो. मुंबईत त्यात हवेचीही भर पडते, कारण आपण ज्या व्हिडिओंवरून शिकतो त्यांतल्या कित्येकांची खोली आपल्या मे महिन्यातल्या किंवा जुलैतल्या खोलीपेक्षा पुष्कळच थंड आणि कोरडी असते.

रंग पाण्यावर पसरतो तरी कसा, हे एकदा समजून घेतले की पुढच्या बहुतेक चुकांचे कारण आपोआप उलगडते. नेलपॉलिशमध्ये नायट्रोसेल्युलोज हा पापुद्रा धरणारा पदार्थ इथाइल ॲसिटेट आणि ब्यूटाइल ॲसिटेट यांसारख्या झटकन उडून जाणाऱ्या द्रावकांत विरघळवलेला असतो. पाण्याचा पृष्ठताण या द्रावकांच्या जवळपास तिप्पट असल्यामुळे थेंब पडताच पाण्याचा पृष्ठभाग त्याला चहूबाजूंनी खेचतो आणि त्याची पातळ चकती होते. त्याच क्षणापासून द्रावक उडू लागतो आणि चकती घट्ट होत जाते. म्हणजे आपल्याला दोनच गोष्टी सांभाळायच्या असतात: पाण्याचा ताण शाबूत राहावा आणि नख बुडेपर्यंत रंग ओला राहावा.

वाटी धुतलेली असते, पण साबणासकट

सर्वांत जास्त घोटाळा इथे होतो आणि तो सर्वांत उशिरा लक्षात येतो. भाचीच्या हळदीच्या आदल्या संध्याकाळी आम्ही चौघी जणी स्वयंपाकघरातल्या मांडणीवरून स्टीलच्या वाट्या घेऊन बसलो होतो. तिन्ही रंग नवे, पाणी गाळलेले, तरीही थेंब पसरण्याऐवजी जागच्या जागी गोळा होऊन बसत होता. तीन वाट्या बदलल्या, रंग बदलले, एकमेकींच्या हातांना नावे ठेवून झाली. शेवटी कुणीतरी चहाचा कोरा कागदी पेला पुढे केला आणि पहिलाच थेंब काठापर्यंत पसरला. वाट्यांवर भांडी घासायच्या साबणाचा न दिसणारा थर होता. साबण पाण्याचा पृष्ठताण पाडतो; ताण पडला की रंगाला खेचणारे काही उरतच नाही.

कागदावर अशीच नक्षी उतरवणारे कारागीर रंग पसरावा म्हणून त्यात बैलाचे पित्त मिसळत असत. विजापूरकडे सतराव्या शतकात या अब्री कागदाच्या तंत्राने चित्रेसुद्धा केली गेली. ताण कमी करणारा पदार्थ त्यांच्याकडे मुद्दाम रंगात घातला जाई. आपल्याकडे तो नकळत पाण्यात पडतो आणि सगळे गणित उलटे होते. म्हणून वाटी घ्यायचीच असेल तर ती वाहत्या पाण्याखाली चार-पाच वेळा खळखळून घ्यावी किंवा सरळ कागदी पेला वापरावा. थर्माकोलचा पेला मात्र नको, कारण नेलपॉलिशमधला द्रावक आणि रिमूव्हरमधले ॲसिटोन दोन्ही त्याला विरघळवतात.

तेलाचेही तसेच आहे. रविवारी डोक्याला खोबरेल तेल चोळून त्याच बोटांनी नखे रंगवायला बसणे ही आपल्या घरांतली अगदी साधी चूक. बोट बुडताच तेलाचा तवंग पाण्यावर सुटतो, नक्षी फाटते आणि नखावर आलेला रंगही धरत नाही. हात धुऊन, कोरडे करून, प्रत्येक नख रिमूव्हरच्या बोळ्याने पुसून मगच बेस कोट लावावा. हात फार वेळ पाण्यात राहिले असतील, म्हणजे नुकतीच भांडी किंवा कपडे झाले असतील, तर थोडे थांबावे. नख पाणी पिऊन फुगते आणि वाळताना पुन्हा आकसते, त्यामुळे फुगलेल्या नखावर लावलेला रंग लवकर सुटतो.

‘खोलीच्या तापमानाचे पाणी’ म्हणजे नेमके कोणते

सूचनांमध्ये हे शब्द हमखास असतात आणि आपण नळ सोडून मोकळे होतो. एप्रिल-मे महिन्यांत दुपारी गच्चीवरच्या टाकीतून येणारे पाणी हाताला चांगलेच गरम लागते. अशा पाण्यावर थेंब झकास पसरतो, पण दुसरा रंग टाकेपर्यंत पहिल्यावर कातडी आलेली असते आणि टूथपिक लावताच ती अख्खी सरकत जाते. याउलट फ्रिजमधले पाणी घेतले तर थेंब पसरतच नाही. मधोमध जाड ठिपका होऊन राहतो. पिण्याचे गाळलेले पाणी रात्री तांब्यात काढून ठेवावे आणि दुसऱ्या दिवशी सकाळी, ऊन चढण्याआधी, ते वापरावे, हा उपाय मला सर्वांत खात्रीचा वाटतो. घाई असेल तर गाळलेल्या पाण्यात फ्रिजचे थोडे पाणी मिसळून ते हाताला ना गार ना कोमट लागेल असे करावे. महापालिकेचे पाणी तानसा, भातसा, वैतरणा अशा तलावांतून येते. पण पुष्कळ सोसायट्यांत वापराच्या नळाला बोअरवेलचे किंवा टँकरचे क्षारयुक्त पाणी असते. कारण शोधत बसण्यापेक्षा पिण्याचे पाणी घेतलेले बरे.

पंखा बंद करावा. मुंबईत हे सांगणे जिवावर येते, तरीही करावा, कारण डोक्यावर पंखा गरगरत असताना वाटीतला रंग अर्धे मिनिटही ओला राहत नाही. वातानुकूलित खोलीत बसत असाल तर वाऱ्याचा झोत थेट वाटीवर येणार नाही अशी जागा निवडावी.

बाटली जुनी, किंवा मुळातच चुकीची

लोकलच्या महिला डब्यात टिकल्या-क्लिपांबरोबर विकत घेतलेली किंवा क्रॉफर्ड मार्केटमधून डझनाच्या भावात आणलेली बाटली चालत नाही असे मुळीच नाही. माझ्याकडची सर्वांत छान पसरणारी मोरपंखी बाटली डब्यातलीच आहे. प्रश्न किमतीचा नसून पातळपणाचा आहे. ब्रश वर उचलल्यावर थेंब स्वतःहून सुटला पाहिजे. तार धरणारा रंग पाण्यावर पसरत नाही. घट्ट झालेल्या बाटलीत रिमूव्हर ओतण्याची सवय जुनी आहे आणि ती वाईट आहे, कारण ॲसिटोनमुळे रंग तेवढ्यापुरता पातळ होतो, पण त्यातल्या घटकांचा तोल बिघडून पापुद्रा कमकुवत होतो. नेलपॉलिश थिनर म्हणून जे मिळते त्याचे दोन-तीन थेंब घालून बाटली दोन्ही तळहातांत फिरवावी. जोरात हलवू नये. त्याने बुडबुडे होतात आणि तेच पुढे नखावर दिसतात.

जेल पॉलिश या कामाचे नाही, कारण ते हवेने वाळत नाही, दिव्याखाली घट्ट होते. लहान मुलींसाठी मिळणारे पाण्याच्या आधारावर बनवलेले पॉलिश पाण्यात सरळ मिसळून जाते. चटकन वाळणारे म्हणून विकले जाणारे रंग आणि जाड चमकीचे रंग सुरुवातीला टाळावेत. कोणताही नवा रंग घेतला की आधी एकच थेंब टाकून पाहावा. तो क्षणात चकतीसारखा पसरला तर ती बाटली बाजूला काढून ठेवावी, नाही तर ती नेहमीच्या रंगकामाला वापरावी.

पाण्यावर ताणला गेलेला रंग इतका पातळ होतो की बाटलीत गडद दिसणारी छटा नखावर फिकी पडते. त्यासाठी बेस कोटवर पांढऱ्या रंगाचा एक हात देऊन तो पूर्ण वाळू द्यावा. ‘वाळला असेल’ अशा अंदाजाने बोट बुडवले तर पांढरा थर वरच्या नक्षीसह सरकतो.

थेंब, टूथपिक आणि घाई

थेंब उंचावरून सोडू नये. उंचावरून पडलेला थेंब पृष्ठभाग फोडून खाली जातो आणि तळाशी गोळी होऊन बसतो. ब्रश पाण्याला जवळजवळ टेकेल इतका खाली आणावा आणि थेंबाला अलगद उतरू द्यावे. पहिला थेंब थोडा रुसला तरी हरकत नाही. दुसरा आणि तिसरा त्याच्या मधोमध पडला की चकत्या आपोआप एकीत एक बसतात. दोन रंग आलटून पालटून चार ते सहा थेंब पुरतात. तिसरा रंग घेण्याचा मोह बहुतेकींना होतो आणि बहुतेक वेळा त्यातूनच चिखल तयार होतो.

सगळ्या बाटल्यांची झाकणे आधीच सैल करून ठेवावीत. ही बाब क्षुल्लक वाटते, परंतु एका हाताने झाकण फिरवण्यात जी पाच-सात सेकंदे जातात तेवढ्यात बाहेरचे वर्तुळ वाळलेले असते.

टूथपिक कधीही सर्वांत बाहेरच्या वर्तुळाला लावू नये. ते आधी पडलेले असते, म्हणून आधी वाळते, आणि त्याला टोचले की सगळी नक्षी एका अंगाला ओढली जाते. आतल्या दुसऱ्या-तिसऱ्या वर्तुळापासून सुरुवात करावी, रेघ हलक्या हाताने ओढावी आणि प्रत्येक रेघेनंतर टोक टिश्यूला पुसावे. टोकावर वाळलेला रंग राहिला तर पुढची रेघ कापण्याऐवजी ओरबाडते. संस्कारभारतीच्या रांगोळीत भरपूर आवर्तने शोभून दिसतात. नखाच्या एवढ्याशा जागेत चार रेघा पुष्कळ होतात. पाचवी रेघ ओढण्याची इच्छा झाली की थांबावे आणि नख बुडवावे.

नखावर सुरकुत्या, बुडबुडे आणि दुहेरी थर

नख तिरके घुसवले की टोकाशी हवा अडकते. बोट आडवे धरून नख पाण्याच्या पृष्ठभागाला समांतर ठेवावे, नक्षीचा जो भाग हवा आहे त्यावर टेकवावे आणि न थांबता सावकाश खाली न्यावे. खरी मेख पुढे आहे. नख पाण्याखाली असताना वर उरलेला रंग गोळा केल्याशिवाय बोट बाहेर काढले, तर बाहेर येताना नखावर दुसरा पापुद्रा चढतो आणि सुरकुत्या पडतात. बोट दहा-पंधरा सेकंदे पाण्यातच ठेवावे आणि दुसऱ्या हाताने टूथपिक किंवा इअरबड फिरवून पृष्ठभाग पूर्ण स्वच्छ करावा. पाणी आरशासारखे दिसले की बोट वर घ्यावे.

बाहेर आलेल्या नखावर पाण्याचे थेंब असतात. ते पुसण्याचा मोह आवरावा. टिश्यूचे टोक थेंबाला नुसते टेकवले तरी पाणी शोषले जाते. चोळलेले नख परत बुडवूनही सुधारत नाही, ते रिमूव्हरने साफ करून पुन्हा सुरुवात करावी लागते. म्हणून एका वेळी एकच नख करावे. चारही बोटे एकदम बुडवण्याचा प्रकार सराव झालेल्या हातांना शोभतो.

त्वचेवर चढणारा रंग हा यातला कटकटीचा भाग. नखाभोवती सेलोटेप लावता येतो, पण मुळाशी फट राहतेच. पांढऱ्या फेव्हिकॉलसारख्या गोंदाचा पातळ थर त्वचेवर देऊन तो पारदर्शक होईपर्यंत वाळू दिला, तर नख पाण्याबाहेर काढल्यावर तो रंगासकट सोलून निघतो. तो लगेच सोलावा. रंग कडक झाल्यावर सोलला तर कडेची नक्षीही सोबत येते. बाजारात मिळणारे द्रव लेटेक्स त्याहून सोपे आहे, मात्र लेटेक्सची ॲलर्जी असणाऱ्यांनी त्याच्या वाटेला जाऊ नये. उरलेले डाग रिमूव्हरमध्ये बुडवून पिळलेल्या चपट्या ब्रशने पुसावेत, कारण भिजलेल्या कापसाचा एक थेंब नखावर ओघळला की संपले.

पावसाळ्यातला पांढुरका धूर

जून ते सप्टेंबर या काळात आणखी एक तक्रार येते: नक्षी छान उतरली, पण वाळताना तिच्यावर दुधी धुके आले. द्रावक उडताना नखावरचा थर गार होतो, दमट हवेतली वाफ त्यावर जमते आणि तिच्या स्पर्शाने नायट्रोसेल्युलोज पांढुरके पडते. फर्निचरला लॅकर मारणारे कारागीरही याच कारणासाठी भर पावसात काम टाळतात. उपाय असा की पाण्यावरची नक्षी वारा नसलेल्या जागी करावी आणि वाळण्यासाठी मात्र वातानुकूलित, कोरड्या खोलीत बसावे. तशी सोय नसेल तर पाऊस उघडलेली दुपार निवडावी आणि सगळे थर पातळ द्यावेत. टॉप कोटही नक्षी पूर्ण कोरडी झाल्यावर, किमान पंधरा मिनिटांनी, ब्रश न दाबता एका ओघात लावावा आणि नखाच्या टोकाच्या कडेवरूनही फिरवावा.

जागेबद्दल एक गोष्ट ठामपणे सांगायला हवी. मुंबईच्या लहान घरांत पाणी, उजेड आणि ओटा एकाच ठिकाणी असल्यामुळे हे काम गॅसशेजारी होते. इथाइल ॲसिटेटची वाफ उणे ४ अंश सेल्सिअसलाही ज्योतीने पेटू शकते, ॲसिटोनची तर त्याहून सहज. पेटता गॅस, देव्हाऱ्यातली निरांजन किंवा उदबत्ती यांच्यापासून दूर, खिडकी उघडी असलेल्या खोलीत बसावे. वापरलेल्या पेल्यातला रंग टूथपिकवर गोळा करून, वाळवून, सुक्या कचऱ्यात टाकावा. तो मोरीत ओतला तर जाळीवर चिकटून बसतो.

टॉप कोट बोटाला कोरडा लागला तरी आतला थर बराच वेळ मऊ असतो. निदान दोन तास कणीक मळणे, भांडी घासणे आणि गरम पाण्याने अंघोळ यांपासून हात राखावेत, आणि बोटांना खोबरेल तेल लावायचे ते त्यानंतरच.