कॅसची फाइल अडली तर: नव्या प्राध्यापकांसाठी

पुण्यातल्या एका अनुदानित महाविद्यालयात मी २०१४ च्या जुलैमध्ये रुजू झालो. पीएच.डी. आधीच झालेली होती, त्यामुळे चार वर्षांनी, म्हणजे २०१८ मध्ये, कॅसखाली (करिअर अ‍ॅडव्हान्समेंट स्कीम, म्हणजे प्राध्यापकांच्या पदोन्नतीची योजना) वेतनाच्या लेव्हल १० मधून ११ मध्ये जायला पात्र ठरलो. (पीएच.डी. किंवा एम.फिल. नसेल तर सहा वर्षं लागतात.) त्यासाठी लागणारे कोर्सेस झालेले, प्रस्ताव महाविद्यालयाच्या कार्यालयात दिलेला. 'सर, वरून मंजुरी यायचीय,' हे वाक्य मग मी तीन वर्षं ऐकलं. विश्वासही ठेवला.

२०२१ मध्ये एका निवृत्त सहकाऱ्यांनी विचारलं, "तुझ्या प्रतीवर आवक क्रमांक आहे का?" नव्हता. त्यांनीच माहिती अधिकाराचा अर्ज लिहून घेतला. अनुदानित महाविद्यालयालाही हा कायदा लागू आहे. दहा रुपयांत काम होतं आणि तीस दिवसांत उत्तर द्यावंच लागतं. मी माझ्या प्रस्तावाची स्थिती विचारली नाही, जावक नोंदवहीच्या पानांची प्रत मागितली. ती हातात आली तेव्हा एकेक ओळ बोटानं वाचली. निळ्या शाईत वीजबिलाची पत्रं होती, परीक्षेची होती. माझा प्रस्ताव कुठेच नव्हता. तो महाविद्यालयाच्या बाहेर पडलाच नव्हता.

म्हणून पहिल्या दिवसापासून सांभाळा: प्रत्येक अर्जाची दुसरी प्रत, तिच्यावर तारखेसह शिक्का आणि क्रमांक. शिक्का देत नसतील तर तोच अर्ज स्पीड पोस्टानं पाठवा. सेवापुस्तक वर्षातून एकदा स्वतः पाहा.

प्रस्ताव एकदा सरकारी कार्यालयात पोचला की दिरंगाईविरोधी कायदा, २००५ कामी येतो. त्यात एका टेबलावर फाइल साधारणपणे सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये, असं म्हटलंय. स्मरणपत्रात हे कलम लिहिलं की भाषा बदलते, हे मी पाहिलंय.

आता दाद कुठे मागायची? इथे बरेच जण चुकीच्या दारात जातात. कामगार न्यायालयाचा उपयोग नाही. शिक्षक 'कामगार' नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं १९८८ मध्येच सांगितलंय. विद्यापीठ न्यायाधिकरण प्रामुख्यानं बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती अशा प्रकरणांसाठी आहे. पगाराच्या तक्रारीला २०१६ च्या विद्यापीठ कायद्यातली तक्रार निवारण समिती आहे. तिथे आधी जाऊन बघा. तिथेही हललं नाही तर संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका. पुण्याची प्रकरणं मुंबईला चालतात, त्यामुळे पहाटेच्या सिंहगड एक्स्प्रेसची सवय करावी लागते.

सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे मुदत. पगार दर महिन्याला कमी मिळतो, म्हणून चूक 'चालू' मानली जाते आणि उशिरा गेलात तरी याचिका सहसा फेटाळत नाहीत. पण तरसेम सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं २००८ मध्ये ठरवून दिलं की थकबाकी साधारणपणे याचिकेआधीच्या तीन वर्षांचीच मिळेल. म्हणजे तुम्ही थांबाल त्या प्रत्येक महिन्याला मागचा एक महिना गळतो. स्मरणपत्रांवर स्मरणपत्रं दिल्यानं मुदत वाढत नाही. मी नेमका याच समजुतीत राहिलो होतो.

माझी याचिका २०२२ च्या जुलैत दाखल झाली. वेतननिश्चिती २०१८ पासून झाली, पण त्यातलं पहिलं वर्ष फक्त कागदावर; पैसे जुलै २०१९ पासूनचे. त्या एका वर्षाची रक्कम अजून मनाला लागते. त्या वर्षी घराचे हप्ते आणि वडिलांचं औषधपाणी दोन्ही चालू होतं.

थकबाकीचं पुरवणी देयक आलं तेव्हा त्यात व्याज नव्हतं. वकिलांना विचारलं, तर त्यांनी याचिकेचं शेवटचं पान उघडून दाखवलं. मागण्यांमध्ये व्याज लिहिलेलंच नव्हतं. सही करण्याआधी तुम्ही ते पान वाचा.