पीएसपीचे जुने सेव्ह लॅपटॉपवर कसे चालवले

माझ्या पीएसपीची (सोनीचा हातात धरून खेळायचा गेम कन्सोल) बॅटरी फुगली, पण सेव्ह, म्हणजे गेममधली साठवलेली प्रगती, ज्यावर होती ती मेमरी स्टिक शाबूत होती. म्हणून लॅपटॉपवर पीपीएसएसपीपी हा एम्युलेटर, म्हणजे पीएसपीचे गेम लॅपटॉपवर चालवणारा प्रोग्राम, टाकला. मोफत, ओपन सोर्स, आणि वेगळी बायोस फाइल (कन्सोलचं मूळ सिस्टीम सॉफ्टवेअर) मागत नाही, हे मला फार आवडलं.

माझ्याच गेमच्या डिस्कवरून काढलेली आयएसओ फाइल (डिस्कची पूर्ण प्रत) लगेच उघडली, पण आवाज तुटत होता. स्क्रीनवर वेग दाखवायचा पर्याय चालू केला, तर आकडा १०० टक्क्यांच्या बराच खाली घुटमळत होता. म्हणजे दुखणं आवाजाचं नव्हतंच, ग्राफिक्सचं होतं. ग्राफिक्सचा बॅकएंड (चित्र काढायची पद्धत) ओपनजीएलवरून व्हल्कनवर नेला (प्रोग्राम रीस्टार्ट होतो, होऊ द्या) आणि रेंडरिंग रिझोल्यूशन पीएसपीच्या मूळ ४८० × २७२ वर आणलं. आकडा १०० वर स्थिरावला, आवाज स्वच्छ झाला. फ्रेमस्किपच्या (मधली चित्रं गाळायचा पर्याय) नादी लागू नका, चित्र झटके खातं.

राहिले सेव्ह. स्टिकवरच्या 'पीएसपी' फोल्डरात 'सेव्हडेटा' असतो. त्यातले फोल्डर एम्युलेटरच्या त्याच नावाच्या फोल्डरात जसेच्या तसे कॉपी केले. नावं अजिबात बदलू नका, त्यांच्या सुरुवातीला गेमचा कोड असतो. अमेरिकन आणि युरोपियन आवृत्तीचे कोड वेगळे असतात, त्यामुळे डिस्क आणि सेव्ह एकाच आवृत्तीचे हवेत.