सेमिनरी हिल्सवरची ६६० पावलं
ऑफिसातला अपमान, भावकीतला वाद असं काही डोक्यात घर करून बसलं असेल, तर सकाळी सेमिनरी हिल्सला चक्कर मारा. उन्हाळ्यात सहाच्या आत निघा, नंतर नागपूरचं ऊन चालू देत नाही.

आधी वाटेकडेच्या काळ्या खडकावर तळहात टेकवा. पहाटे तो गार लागतो, भेगेतून मुंगळे ये-जा करत असतात. हा बेसॉल्ट म्हणजे सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी थिजलेला लाव्हा. डायनासोर संपले तो हाच काळ.

आता तिथून ६६० पावलं चाला. एक पाऊल म्हणजे १ लाख वर्षं. गप्पा नकोत, फोन खिशात. आपली मानवजात येते ती अगदी शेवटच्या तीन पावलांत. आणि तुमची-माझी ऐंशी वर्षं? नखाच्या जाडीएवढी! मला दर वेळी इथे थांबावंसं वाटतं, छाती मोकळी होते.

मुलं सोबत असतील तर मोजणी त्यांच्याकडेच द्या. सहाशेच्या पुढे ती आपोआप हळू बोलायला लागतात.