पेकॉस सूर्यफूल बघायला निघण्याआधी

सगळ्यात आधी तारीख. पेकॉस सूर्यफूल म्हणजे अमेरिकेत न्यू मेक्सिको आणि टेक्सासातल्या खारट दलदलीत उगवणारं एक दुर्मिळ रानसूर्यफूल. ते सप्टेंबरात भरात असतं, ऑक्टोबरात उरलंसुरलं. मी पहिल्यांदा गेलो तो जुलैत. डॅलसहून आठ तास गाडी हाणली, रोझवेलच्या अलीकडे रस्त्याकडेला पिवळीधमक झुडपं दिसली, हरखून शंभरेक फोटो काढले. घरी येऊन ताडून बघितलं तर सगळी साधी रानसूर्यफुलं, टेक्सासात कुठल्याही कुंपणाला टेकून उगवणारी. तेव्हा सुट्टी मागताना सप्टेंबरचा पहिला पंधरवडा मागा, आणि न्यू मेक्सिकोत शिरलं की घड्याळ एक तास मागे जातं हेही लक्षात ठेवून निघा.

ओळख घरूनच पक्की करून जा, तिथं नेट मिळेल याच्या भरवशावर राहू नका. साध्या रानसूर्यफुलाचं पान रुंद, बदामी आणि हाताला खरखरीत. याचं पान भाल्याच्या पात्यासारखं अरुंद, त्यावर तीन शिरा ठळक, लव फारशी नाही. खरी खूण मात्र फुलाच्या पाठीला असते. खाली वाकून बघा: पाकळ्यांमागची हिरवी पानं साध्या फुलात रुंद आणि टोकाला एकदम निमुळती, यात ती सडपातळ असतात. झाड उंचीला पुरुषभर, कधी त्याहून जास्त, पण फूल तळहातात मावेल एवढंच. आपल्याकडच्या तेलबियांच्या शेतातलं ताटाएवढं फूल डोळ्यांसमोर ठेवून गेलात तर हिरमुसाल.

याचं शास्त्रीय नाव हेलिअँथस पॅराडॉक्सस. वनस्पतिशास्त्रज्ञ चार्ल्स हायझर यांनी ते १९५८ मध्ये दिलं. पॅराडॉक्सस म्हणजे कोड्यात टाकणारं, आणि कोडं खरंच आहे. दोन अगदी सामान्य रानसूर्यफुलांचा कधीकाळी संकर झाला, त्यातून हे उपजलं, असं पुढं जनुकीय अभ्यासातून सिद्ध झालं. आईबापांना खारट दलदल सोसत नाही, पोर मात्र तिथंच सुखानं नांदतं.

जायचं कुठं, तर रोझवेलजवळच्या बिटर लेक अभयारण्यात. आत गाडीनं फिरायचा रस्ता आहे, फुलं त्याच्या कडेच्या पाणथळीत दिसतात. सँटा रोसाजवळ ब्लू होल सिएनेगा नावाची राखीव दलदलही आहे, पण तिथं आधी विचारून, परवानगी घेऊनच जा. टेक्सासात फोर्ट स्टॉकटनच्या बाजूलाही हे फूल आहे. त्या गावाची गोष्ट मात्र माहीत असू द्या. तिथं कोमांची स्प्रिंग्ज नावाचे मोठे झरे होते, त्यांवर शेती पिकायची. वरच्या अंगाला विहिरींवर मोठे पंप बसले, झऱ्यावरचे शेतकरी कोर्टात गेले आणि १९५४ मध्ये हरले. जमीन ज्याची, खालचं पाणी त्याचं, असा तिथला कायदा. १९६१ मध्ये झरे आटले. आता कधी हिवाळ्यात पंप थंडावले की थोडं पाणी वर येतं. शेजारच्या बोअरनं विहीर आटलेली ज्यांनी पाहिली आहे त्यांना याहून जास्त सांगायला नको. या फुलाला मीठ चालतं, पण पाय ओले लागतात. १९९९ पासून ते अमेरिकेच्या संकटग्रस्त वनस्पतींच्या सरकारी यादीत आहे, त्यामागं मुख्य कारण हे पाणीच.

सामानात दुर्बीण आणि झूमवाला कॅमेरा हवाच, कारण चिखलात उतरायचं नाही. पूर्ण बाह्यांचा शर्ट, टोपी, डासांचं मलम, माणशी तीन-चार लिटर पाणी. पेट्रोल रोझवेलमध्येच भरून घ्या. गवतात रॅटलस्नेक असतात, म्हणून बूट घोट्याच्या वरपर्यंतचे. ते निघण्याआधी ब्रशनं घासून काढा, आपल्या अंगणातलं तण तिथं पोचायला नको. आणि प्लॅस्टिकची पुडी घरीच ठेवा. बिया गोळा करायची आपली खोड मला ठाऊक आहे, पण इथं फूल, बी, पान, काहीही तोडायचं नाही.

सकाळी लवकर आत शिरा. ऊन चढायच्या आत चतुर बघायला मिळतात, या अभयारण्यात चतुर आणि टाचण्या (चतुरांचे सडपातळ भाऊबंद) यांच्या मिळून शंभराच्या आसपास जाती आहेत. दुसऱ्या खेपेला सोबत आई होती, सांगलीहून आलेली. फुलांकडे तिनं जेमतेम नजर टाकली. गाडीतून उतरून रस्त्याच्या कडेलाच वाळलेल्या चिखलावर आलेला पांढरा पापुद्रा चपलेच्या टोकानं मोडला, बोटावर घेऊन चोळला आणि म्हणाली, "अरे, हितं बी मीठ फुटलंय की." मग आमच्या पट्ट्यातल्या क्षारपड उसाच्या रानांची यादीच सुरू झाली, कुणाचं किती एकर गेलं, कुणी चर काढले. पंधरा मिनिटांनी तिनं मान वर करून विचारलं, "आणि ह्यात हे फुलतंय व्हय?"

परतताना रोझवेल गावात थांबायला तासभर राखून ठेवा. सप्टेंबरात दुकानांबाहेर जाळीच्या पिंपात हिरव्या मिरच्या भाजत असतात. आईनं दहा किलो घेतल्या, त्यामुळे डिकीत जागा आधीच करून ठेवलेली बरी.